सेटवरचं खायचं नसतं

— नाही गं, पळी माझ्याच हातात होती, ते मी कुठं नाकारतेय? डोक्याला पांढरा रुमाल, अंगावर ते मिशनवाल्या बायकांचं करडं पोतं, आणि समोर सुपाचा हंडा — मीच ती. स्टुडिओच्या फाटकावरच्या दरवानानं पत्ता दिला म्हणालीस ना, त्यानं बरोबर दिला, ह्या गल्लीत झेला प्रुएट मी एकटीच. पण त्या माणसाचं विचारशील तर — अगं, केवढी रांग होती ती, एकामागून एक वाडगी पुढं येत होती, कोणाकोणाचं तोंड लक्षात ठेवू? तू आधी बस. ती पायरी स्वच्छ आहे, सकाळीच धुतलीय. टोलेडोहून बसनं आलीस म्हणजे अंगाचा पार खुर्दा झाला असेल, पाय पसर हवं तर. वाटाणे सोलता येतात ना? मग घे मूठभर. हात चालू असले की रडू कमी येतं, हा माझा अनुभव आहे. चार भाडेकरू जेवायचेत माझ्याकडे, त्यांना कोण आलं नि कोण रडलं ह्याच्याशी काही देणंघेणं नाही, त्यांना ताटात वाटाणे दिसले पाहिजेत.

आता हे बघ. तू तिकडं ओहायोत थिएटरच्या अंधारात बसून काय बघितलंस? न्यूयॉर्कची गल्ली, हिवाळा, बर्फ पडतोय, चर्चच्या दाराशी उपाशी लोकांची रांग, आणि रांगेत हातात वाडगं घेऊन तुझे वडील. बरोबर? तर त्यातलं काही म्हणजे काही खरं नव्हतं, पोरी. ते न्यूयॉर्क इथून चालत जाण्याइतकं जवळ आहे, स्टुडिओच्या मागच्या आवारात. पुढून विटांच्या भिंती, मागून नुसत्या फळ्या आणि टेकू. चर्चला दार आहे, चर्च नाही. बर्फ म्हणजे पांढरी भुकटी, नाकात गेली की दिवसभर शिंका. आणि ऊन हे असं, आत्ता आहे ना, तसं, आणि त्यात आम्ही लोकरी शाली पांघरून कुडकुडतोय. खायचे दात वेगळे आणि दाखवायचे वेगळे, हा तर ह्या हॉलिवूडचा धंदाच आहे. रांगेतला एक दाढीवाला म्हातारा आठवतो का तुला, खोकणारा? तो स्वतःच्या मोटारीनं यायचा. तेव्हा तुझे वडील त्यात असले तरी ते तसे झालेत असं नाही. घरी जा आणि आईला सांग, म्हणावं सोंग होतं ते. सोंगाला कसली लाज?

काय? कॉलर? — कुठली कॉलर?

हं. म्हणजे शर्ट त्यांचा स्वतःचाच होता. आईनं कॉलर उसवून, उलटून पुन्हा शिवलेली, आणि एका बाजूला जरा तिरकी बसलेली, आणि ती तुला पडद्यावर दिसली. एवढ्या मोठ्या पडद्यावर दिसणारच म्हणा. बायकांना कपडे कळतात आणि पुरुषांना वाटतं आपला चेहरा ओळखला. बरं बाई, तुझ्यापुढं खोटं बोलण्यात अर्थ नाही. कपडे त्यांचेच होते. सगळ्यांचेच आपापले होते, त्या मोटारवाल्या म्हाताऱ्याचे सोडून.

ते खूळ ब्रीडसाहेबांचं. हार्लन ब्रीड — डायरेक्टरचं नाव वाचलं असशीलच, पडद्यावर सगळ्यात मोठं असतं. मूकपटांच्या काळापासून मी त्यांच्याकडं उभी राहत आले, दरबारात, नाचाच्या हॉलमध्ये, जहाज बुडताना. एक्स्ट्रा म्हणजे काय, तर गर्दी. मी वीस वर्षं गर्दीच आहे. माणूस वाईट नाही तो. भोंग्यातून ओरडायचे, पण ओरडून झालं की माफी मागायचे, आमच्यासारख्यांचीसुद्धा. तर बँका बुडाल्या, कारखाने बंद पडले, आणि साहेबांच्या मनानं घेतलं की राजेराण्या पुरे झाल्या, आता गरिबीचा बोलपट काढायचा. स्टुडिओवाले म्हणाले, लोकांच्या घरी गरिबी फुकट आहे, ती तिकीट काढून बघायला कोण येईल? पण साहेब हट्टाला पेटलेले. आम्हा नेहमीच्या लोकांना रांगेत उभं करून बघितलं आणि म्हणाले, हे नाही चालणार, तुम्ही भूक दाखवायची म्हटली की पोट धरता. ज्याला खरी भूक लागलीय तो पोट धरत नाही, तो बुटांकडं बघत उभा राहतो. खोटं नाही ते. मग मेन स्ट्रीटवर जिथं खरोखरीचं फुकट जेवण मिळतं तिथं ट्रक पाठवला, आणि एका रांगेतून माणसं उचलून दुसऱ्या रांगेत आणून उभी केली. त्यात तुझे वडील होते. झालं समाधान? माझं नाही झालं, पण मला कोण विचारतंय.

आणि घोटाळा झाला तो तिथंच. आमच्या धंद्यात पहिल्या दिवशी एकच गोष्ट शिकायची असते — सेटवरचं खायचं नसतं. मेजवानीचा सीन असतो, टेबलावर भाजलेला टर्की, केक, द्राक्षं, आणि भोवती सगळी माणसं सकाळपासून कॉफीवर असलेली. एका टेकमध्ये टर्कीला तंगडी आहे आणि दुसऱ्यात नाही, असं होऊन कसं चालेल? म्हणून प्रॉपर्टीवाले, म्हणजे सामान मांडणारी माणसं, सगळ्या खाण्यावर रॉकेल मारतात. हो, रॉकेल. डासांवर मारायचा पंप असतो ना, त्यानं. मग कोणी हात लावत नाही. आम्ही काटे हलवतो, जबडे हलवतो, हसतो, गिळत काही नाही. ते इतकं अंगवळणी पडलेलं असतं की कोणी कोणाला सांगत बसत नाही. तर त्या दिवशी प्रॉपर्टीवाल्याला सांगितलं, सूप लागेल. त्यानं सूप केलं, आणि रोजच्यासारखा त्यात पंप मारला. त्याच्या मनात पाप नव्हतं गं. खरी माणसं आणायचं साहेबांना सुचलं, पण खऱ्या माणसांना सूपही खरं लागेल हे एवढ्या शहाण्यांत एकाच्याही डोक्यात आलं नाही. आणि ती माणसं नवखी. त्यांना वाटलं, कामाला आणलंय, आधी जेवायला घालतायत.

तू म्हणशील, मग सांगायचं की त्यांना. कसं सांगू? मूकपट असता तर हंड्यात पळी बुडवता बुडवता सांगितलं असतं. तेव्हा कॅमेऱ्यापुढं आम्ही काय वाटेल ते बोलायचो — राणीसाहेब मरतायत, आम्ही रडतोय, आणि रडता रडता आज कोणाकडं जेवायचं ते ठरवतोय. ऐकणार कोण? बोलपट आले आणि आम्ही मुके झालो. लाल दिवा लागला, घंटा झाली, की शिंक आली तरी गिळायची. त्या दिवशी माईक बरोबर हंड्याच्या वर होता, चर्चच्या दिव्यात लपवलेला, कारण साहेबांना वाडग्यात सूप पडल्याचा आवाज हवा होता. आणि एक्स्ट्रानं शब्द उच्चारला की टेक फुकट, शिवाय बोलणाऱ्याचा दर वेगळा, म्हणून स्टुडिओवाल्यांना तर आमचं तोंड उघडलेलं अजिबात खपत नाही. तोंड उघडलंस की कामाच्या यादीतून तुझं नाव गेलंच म्हणून समज. त्यातून ती माणसंही हळूहळू समजली होती. एक घोट घेतला, तोंड वाकडं केलं, शेजाऱ्याकडं बघितलं, आणि पुढच्या टेकपासून वाडगं नुसतं ओठाला लावायला लागली. मी म्हटलं, चला, सुटले. आणि तुझे वडील मात्र खात होते.

खात होते म्हणजे खात होते. चमचा भरायचे, तोंडात घालायचे, चावायचे, गिळायचे. टेक झाला की मदतनीस सगळ्यांना परत रांगेत ढकलायचा, रांग पुन्हा सरकायची, ते पुन्हा माझ्यासमोर यायचे, आणि पुन्हा तेच. घाम फुटलेला. मी डोळ्यांनी खुणावलं, मान हलवली — कळेना त्यांना, किंवा कळून घेईनात. पळी थोडीशीच भरली, तर टेक संपल्याबरोबर मदतनीस ओरडला, नीट वाढ. वाईट वाटत होतं म्हणण्यापेक्षा, खरं सांगू, राग येत होता मला. त्यांचा नाही, सगळ्याचा. आणि मग ते पुन्हा आले, वाडगं पुढं केलं, आणि मला राहवेना. चालू टेकमध्ये बोलले मी.

हो, तेच. तू तेच विचारायला आलीस ना? ‘त्या बाईचे ओठ हलतात, बाबा वर बघतात, आणि मग घंटा वाजते — ती काय म्हणाली?’ सगळी अमेरिका विचारतेय म्हणे. पेपरात लिहून आलं की ती त्यांना आशीर्वाद देते. आशीर्वाद! मी म्हटलं, ‘खाऊ नका ते. नुसतं खाल्ल्यासारखं करा.’ एवढंच. आणि त्यांनी मान वर केली, माझ्याकडं बघितलं — ते बघणं तू बघितलंयस, मी काय सांगू — आणि चमचा उचलून पुन्हा तोंडात घातला. आवाजवाल्यानं कानावरची ती ऐकायची भांडी काढून आदळली. मला वाटलं, आता साहेब खातात मला. पण कॅमेऱ्याची घरघर माईकला ऐकू जाऊ नये म्हणून तो ज्या खोलीत कोंडतात, तिथून ब्रीडसाहेब पळत बाहेर आले ते माझ्याकडं नाहीच, थेट त्यांच्याकडं. म्हणाले, ‘आत्ता जसं बघितलंत तसं पुन्हा बघा.’ पुन्हा केलं, पुन्हा केलं, संध्याकाळ झाली, तसं काही जमेना. शेवटी तोच टेक ठेवला आणि माझा आवाज पुसून त्यावर चर्चची घंटा चढवली. घंटेला वेगळा दर पडत नाही.

माझं नाव तेव्हापासून गेलं. दिवाणखान्यात फोन आहे बघ भिंतीवर, एक्स्ट्रांना काम देणाऱ्या कचेरीला रोज सकाळी करते अजून. पलीकडची पोरगी माझा आवाजही ओळखते आता, ‘आज काम नाही, नंतर करा.’ वाईट वाटत नाही त्याचं. पाय दुखतात हल्ली उभं राहून. भुकेला कोंडा, निजेला धोंडा, आणि भाडेकरू चार — चाललंय.

का खाल्लं? तेच कोडं मलाही पडलेलं की. कळल्यावर बाकीच्यांनी सोडलं, ह्यांनीच का खाल्लं? इतकी भूक? भूक होतीच, पण भुकेनं नाही. मी नंतर विचारलं तेव्हा गस म्हणाला, ‘बाई, कारखाना बंद पडल्यापासून पहिल्यांदा कोणीतरी मला कामावर घेतलं. खायचं हेच काम होतं. नुसतं केल्यासारखं करायची मला सवय नाही.’ ऐकलंस? लाज वाटून वर नव्हते बघत ते. कोणीतरी कामचुकारपणा शिकवतंय म्हणून बघत होते. तू आणि तुझी आई आणि तुमचं ते अख्खं चर्च तिकडं तोंड लपवत बसलात की लेम्केनं जगासमोर वाडगं पुढं केलं, आणि तो माणूस भीक मागतच नव्हता, पोरी, तो कामावर होता. अख्ख्या रांगेत तो एकटाच कामावर होता.

... काय झालं? अशी का बघतेस?

गस म्हणाले मी? असेल. ऑगस्टचं गस करतातच की सगळे. — घरी नाही करत. बरं. नाही करत तर नाही करत. नंतर म्हणजे केव्हा विचारलं? नंतर म्हणजे — शूटिंग संपल्यावर. ते खोट्या चर्चच्या मागं टेकूला धरून ओकत होते, कोणी बघायला नव्हतं, ट्रक निघून गेलेला. मग काय तिथंच टाकून येऊ? हात धरला आणि घेऊन आले. आठवडाभर पोटात काही ठरत नव्हतं. दूध-पाव, दूध-पाव. मागची खोली तशीही रिकामीच होती, प्रुएट गेल्यापासून — मेला नाही नवरा माझा, सोडून गेला. सूप तर अजून घेत नाही तो. मी शनिवारी केलं की उठून अंगणात जातो, वासही नको म्हणतो.

अजून म्हटलं का मी?

बस खाली. बस म्हणते ना. नाहीये तो घरात, खोली उघडून बघ हवं तर, डाव्या हाताला, पलंग आणि एक खुर्ची. कामावर गेलाय. थकले बाई मी. मघापासून तुला परतवायचं एवढंच धरून बसले होते, आणि माझंच तोंड मला दगा देतंय. कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं थोडंच राहतं. ऐक आता सगळं, एकदाच सांगेन.

काम आहे त्याला. त्याच स्टुडिओत, त्याच खोट्या गल्लीत. तिथं खिडक्यांना काचा बसवतो. टोलेडोच्या काच कारखान्यात हयात गेलेला माणूस, हात बसलेला, त्यांना दुसरं काय हवं? आता सगळ्यांनाच गरिबीचे बोलपट काढायचेत ना, ब्रीडसाहेबांचा चालला म्हणून. मग काचा बसवायच्या आणि बसवल्या की एकेक तडकवायची. तडा कुठून कुठं न्यायचा ते सगळं डोक्यात असतं त्याच्या. मला म्हणतो, आयुष्यभर तडा जाऊ नये म्हणून जपलं, आता तडा पाडायचा पगार मिळतो. हसत नाही पण सांगताना. नेटका राहतो, दारू नाही, माझं मागचं दार त्यानंच बसवलं, आणि ह्या पायरीखाली दगड घातला तोही त्यानंच. महिन्याच्या सुरुवातीला म्हणतो, ह्या महिन्यात जातो घरी. महिना सरला की म्हणतो, अजून हात भरले नाहीत, पुढच्या महिन्यात. निघताना बायको म्हणालेली ना त्याला — रिकाम्या हातानं तोंड दाखवू नका. ते धरून बसलाय. आणि हात भरायचे म्हणजे किती भरायचे, ते कोणी सांगितलेलं नाही, तेव्हा ते कधी भरतच नाहीत.

आणि मी काय म्हणते? मी म्हणते, बरोबर आहे तुमचं, अजून एक महिना बघा. दर महिन्याला म्हणते. त्याला काय लागतं म्हणायला? तसं आमच्यात काही नाही हां, तू भलतंसलतं मनात आणू नकोस. म्हणजे त्याच्या बाजूनं काही नाही. रविवारी जेवण झालं की आम्ही इथंच बसतो, तू बसलीयस तिथं तो बसतो, आणि गप्प असतो. प्रुएट सारखा बडबडायचा. ह्या वयात मी रविवारी धुतलेला पोशाख घालते, केस नीट करते, आणि कोणी विचारलं तर सांगते चर्चला जायचंय. जात नाही मी चर्चला. तू का रडतेस, मी रडत नाहीये ती.

तो बोलपट त्यानं बघितलेला नाही. मी सांगितलंय, तुमचा तुकडा कापला, पडद्यावर कोणी दिसत नाही. कापतातच नेहमी, त्याला खरं वाटलं. केवढा मोकळा झाला तेव्हा! म्हणाला, बरं झालं, टोलेडोत कोणी बघितलं असतं तर हिल्डाला शेजारणीपाजारणींनी जगू दिलं नसतं. तुझं नाव घेतलं त्यानं. ते ऐकूनही मी त्याला जा म्हटलं नाही. आता तू इथं आलीस, म्हणजे त्याला कळणारच की टोलेडोनं बघितलं. तेवढं झाकशील का? म्हण, दुसऱ्या कोणाकडून पत्ता लागला. कोणी ओळखीचा इकडं आला होता, त्यानं बघितलं तुम्हाला, असं काहीतरी. मी म्हणते म्हणून म्हण. नाही जमलं तर नाही.

आईनं पाठवलं की तू आपली आपण आलीस? — आईनं. तिनं बघितला? — दोनदा. पहिल्यांदा उठून बाहेर गेली, आणि दुसऱ्यांदा एकटी गेली. बरं. मग काय म्हणाली? परत सांग. जरा मोठ्यानं सांग, ट्रॅम जातेय.

‘जसा असेल तसा घेऊन ये.’ असंच म्हणाली? दुसरं काही नाही? आणि ते रिकाम्या हाताचं? — रागात म्हणाली असेल. हो, रागातच म्हणतो आपण सगळ्या. तिला आठवतसुद्धा नाही? बघ. तिला आठवत नाही, आणि हा माणूस ते वाक्य उशाशी घेऊन झोपतो. आणि त्याची जागा? जेवायच्या टेबलाशी. — कोणी बसत नाही. पाव्हणे आले तरी? तरी नाही. पुरे, कळलं मला. मला वाटलं होतं, तुझी आई कडक असेल. कधी न पाहिलेल्या बाईला मी मनातल्या मनात कडक करून ठेवली होती, म्हणजे माझं बरं चाललं होतं.

राहू दे ते वाटाणे. ऊठ, आत मोरीत तोंड धुऊन ये, रडलेलं तोंड घेऊन बापासमोर जाऊ नये. आलीस? बस आता अशी, इकडून. सकाळी कॉफी लागते त्याला, दूध न घालता. खोकला झाला की सांगत नाही, रात्री उठून बसतो, तेव्हा लक्ष ठेवायचं. गाडीत सूप मिळेल, ते देऊ नका. आणि काम शोध म्हणून लगेच मागं लागू नका, महिनाभर नुसता बसू दे. बसत नाही तो, पण म्हणून बघा. आईला सांग, कॉलर तिरकी आहे पण उसवली नाही अजून, मी हात लावू दिला नाही — म्हणजे मी शिवून देते म्हटलं होतं, त्यानंच लावू दिला नाही.

सुटले बघ कामावरचे. ते सगळे ह्याच बाजूनं येतात. पिशवीवाला नव्हे, तो सुतार. त्याच्या मागं. त्या कोपऱ्यावरच्या झाडाखालून, हातात जेवणाचा डबा — चाल ओळखलीस ना? मी पण चालीवरनंच ओळखते. उठू नको एवढ्यात, येऊ दे जवळ. दिसलीस तू त्याला. थांबला. परक्या बाईला टोपी काढून सलाम करतात तसं काय करतोय हा — नाही, टोपी काढत नाही, पुढं ओढतोय. अगं, वळला तो. परत निघाला. नाही नाही, तुझ्यावर राग नाही, मुलगी दारात बसलीय आणि हातात नुसता डबा आहे म्हणून. ऊठ, ऊठ आता. मी हाक मारली तर लगेच थांबेल तो, रोज थांबतो, पण मग माझ्या हाकेनं थांबलेला माणूस इथंच राहील. तू मार. मोठ्यानं मार, ट्रॅमचा आवाज आहे. माझ्याकडं काय बघतेस — मी आता एक शब्द बोलणार नाही.